खांबामागची जागा

“प्रार्थना करताना तुला कोणाचा चेहरा दिसतो रे?”

विहिरीच्या थारोळ्यापाशी, पाणी साठायच्या दगडी कुंडाच्या काठाला, आम्ही दोघे भाऊ भोपळे धूत बसलो होतो, तेव्हा दादानं हे विचारलं. मी भोपळ्याच्या देठापाशी अडकलेली माती काथ्यानं घासत होतो. हात थांबवला नाही.

“देवाला कुठं चेहरा असतो?” मी म्हटलं.

“असतो. प्रत्येकाच्या देवाला असतो. आम्हाला मानसशास्त्र शिकवणारे एक सर आहेत, त्यांनी वर्गात डोळे मिटायला लावले. म्हणाले, प्रार्थना करा आणि जो दिसेल तो खरा सांगा. कुणाला बाप दिसला, कुणाला शाळेतला मास्तर दिसला. एकाला तर त्याचा सावकार दिसला.”

“आणि तुला?”

दादानं धुतलेला भोपळा उन्हात ठेवला. “मला आई दिसली. हातात सूप घेतलेली.”

दुसऱ्या दिवशी कापणीचा सण होता. आमच्या पिंपळदऱ्यात ख्रिस्ती घरं थोडकीच, पण त्या दिवशी प्रत्येक घरातून शेतातलं काही ना काही देवळात वेदीपाशी जायचं. चर्चला आमची माणसं देऊळच म्हणायची. बाजरीची कणसं, घेवडा, अंडी, पाय बांधलेली एखादी कोंबडी. उपासना झाली की बाहेर चिंचेखाली त्या सगळ्याचा लिलाव व्हायचा, आणि ज्यानं जे दिलं ते त्यानंच बोली लावून सोडवून न्यायचं, असा रिवाज पडला होता. आईचा भोपळा दरसाल देवाकडे जायचा आणि दुपारी आमच्याच कालवणात परत यायचा.

एकच वस्तू आईनं कधी सोडवून आणली नव्हती. माझा दादा.

तान्हा होता तेव्हा त्याला घटसर्प झाला. घसा बंद, अंग निळं पडलेलं. आईनं त्याला सुपात घातलं, देवळात नेलं, वेदीपाशी ठेवलं आणि म्हणाली, जगला तर तुझा. तो जगला. म्हणून नाव शमुवेल, बायबलातल्या आईनं देवाला वाहिलेल्या लेकराचं. म्हणून जात्यावर बसली की पहिली ओवी त्याची.

सुपात घातला । वेदीपाशी ग ठेविला
येशूबाबानं माझा । राजस ग राखीला

दुसरी ओवी त्याची, तिसरीही त्याचीच. तो पाळक होणार, पांढरा झगा घालणार, त्याच्या हातून गावाला भाकर मिळणार, असं सगळं त्या ओव्यांत होतं. गोधडीत पडल्यापडल्या मी कान देऊन ऐकायचो. आमची म्हैस एका ओवीत यायची. आमच्या दारची शेवरी यायची. माझं नाव गिदोन, ते कुठल्याच ओवीत बसत नव्हतं.

दुधावरची साय त्याला. सणाचं कापड आधी त्याला. आणि मार मात्र सगळा मला, कारण देवाच्या वस्तूवर हात टाकायचा नाही, असं आईचं म्हणणं. दोघांनी मिळून काकडीचा वेल उपटला तरी पाठीत धपाटा एकट्या गिदूच्या. पण त्याचं मला फारसं काही नव्हतं. मला लागायचं ते वेगळंच. कापणीच्या सणाला आई दादाला पहिल्या बाकावर बसवायची, वेदीसमोर, आणि मला हाताला धरून पार मागं न्यायची. आमच्या देवळात मागच्या बाजूला एक जाड दगडी खांब आहे. त्याच्यामागं मला बसवायची आणि म्हणायची, “हितनं हलायचं न्हाई. वाकून बघायचं न्हाई.” इतर रविवारी कुठंही बसू दे. सणाला मात्र खांबामागं. उपदेश मला नुसता ऐकू यायचा. दिसायचा तो चुन्याचा पोपडा.

आणि पाळक मला व्हायचं होतं. अगदी कळायला लागल्यापासून. गुरं चारताना मी बाभळींना उपदेश करायचो. दादा पुण्याला पाळकीच्या शिक्षणाला गेला, तेव्हा एस्टीच्या टपावर त्याची ट्रंक मीच चढवली आणि घरी येऊन दोन दिवस कुणाशी बोललो नाही.

आता तो शिक्षण संपवून आला होता. उद्या सणाच्या उपासनेत आढाव पाळकसाहेब त्याच्या डोक्यावर हात ठेवून त्याला पाळकाच्या सेवेसाठी वेगळं करणार होते. आई आठवडाभर जमिनीवर पाय न ठेवल्यासारखी चालत होती.

“तुला कोण दिसतं ते सांगितलं नाहीस,” दादा म्हणाला.

“मला पाठ दिसते,” मी म्हटलं. “पाठमोरा चाललेला असतो. आणि खांद्यावर तू बसलेला असतोस.”

तो हसला नाही. थारोळ्यातलं पाणी हातानं उगाच ढवळत राहिला. मग म्हणाला, “गिद्या, मला विश्वास नाही रे.”

“कशावर?”

“तेच कळत नाही. देव आहे की नाही हा पुढचा प्रश्न झाला. माझ्या आत जो आहे तो देव आहे की आईची भीती आहे, हेच मला निवडता येत नाही. तत्त्वज्ञानाच्या तासाला एकेक पदर सोलत गेलो. कांद्यासारखा. सगळ्यात आत सूप निघालं.”

“मग पाळक कशाला होतोस?”

“नाही होत म्हटलं तर?” त्यानं माझ्याकडे पाहिलं. “तू ओळखतोस ना तिला. मी देवाला दिलेला आहे म्हणून जिवंत आहे, असं तिला वाटतं. मी नाही म्हटलं की मी तिच्या लेखी मेलो. मला साधा खोकला आला तरी ती दारात बसून राहील. मी उद्या गुडघे टेकणार, हो म्हणणार. लोकांचे बाप्तिस्मे करीन, लग्नं लावीन, माती देईन. त्यासाठी आवाज लागतो, विश्वास लागतोच असं नाही.”

माझ्या हातातला भोपळा थारोळ्यात धपकन पडला.

“म्हणजे मला जी जागा आयुष्यभर हवी होती, ती तू खोटं बोलून घेणार?”

“मी घेत नाही. मला ठेवलंय तिथं. कणसाला कुणी विचारतं का, बाबा, तुझी श्रद्धा आहे का? विश्वास निवडायचा असतो, गिद्या. मला निवडू दिलंच नाही.”

“मी निवडला होता. मला कुणी विचारलं नाही.”

“खरं सांग,” दादा हळू म्हणाला, “तुझा देवावर विश्वास आहे, का तू माझ्यावर जळतोस?”

“दोन्ही,” मी म्हटलं. “एकाच चुलीवर शिजतंय दोन्ही. वेगळं काढता येत असलं तर तुझ्या सरांना विचार.”

आणि मी उठून घराकडे निघालो. मागनं त्यानं हाक मारली, “गिद्या, आईला सांगू नको!” मी वळून पाहिलं नाही.

आई ओट्यावर बसून तांदूळ निवडत होती. उद्याच्या प्रीतिभोजनाचे. तेच सूप. कडेनं शेणानं सारवून सारवून जड झालेलं, पण तिनं ते कधी बदललं नव्हतं.

“भोपळे धुतले का?” तिनं मान वर न करता विचारलं.

“आई, दादाला पाळक व्हायचं नाही.”

तिचा हात सुपात जिथं होता तिथंच राहिला.

“त्यानं तुला सांगितलं?”

“हो. तो तुझ्यासाठी उद्या हो म्हणणार आहे. मनात काही नसताना.”

तिनं तांदूळ बोटांनी बाजूला सारले. एक खडा उचलला, फेकला नाही, तसाच बोटांत फिरवत राहिली. मला वाटलं रडेल. ती म्हणाली, “मला ठावं हाय.”

“ठाऊक आहे?”

“सुट्टीला आला का जेवायच्या आधी डोळे मिटतो. पण व्हट हलत न्हाईत. पहिले हलायचे.” खडा तिनं अंगणात टाकला. “आईला कळतं की रं.”

मी तिच्यासमोर खाली बसलो. जे बोलायचं होतं ते मनात इतकी वर्षं साचून राहिलं होतं, की बाहेर पडलं ते अगदी साधं. “मग मला दे की त्याच्या जागी. मला जायचंय, आई. माझे ओठ हलतात.”

तिनं माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत जे होतं ते मला तेव्हा राग वाटला.

“तू न्हाई.”

“का?”

“न्हाई म्हटलं ना. तू न्हाई.”

“मी काय किडका दाणा आहे का? देवापुढं ठेवायच्या लायकीचा नाही?”

“गिदू, गप ऱ्हा.”

“त्याच्या ओव्या म्हणतेस, त्याला पुढं बसवतेस, मला खांबामागं लपवतेस, तुला लाज वाटते का माझी? एक तरी ओवी म्हटलीस का कधी माझ्या नावाची? म्हशीच्या नावाची आहे!”

तिनं सूप उचललं आणि आत निघून गेली. दाराआडून तांदूळ पाखडल्याचा आवाज येत राहिला, जरुरीपेक्षा जोरात.

सणाच्या सकाळी देऊळ नुसतं घमघमत होतं. वेदीपाशी भोपळ्यांची रास, कणसांच्या पेंढ्या, कोथिंबिरीच्या जुड्या, आणि मध्येच पाय बांधलेल्या कोंबड्यांची कुरकुर. दादा पहिल्या बाकावर, पांढऱ्या सदऱ्यात. मला आईनं नेहमीसारखं हाताला धरलं आणि मागं नेलं. मी मिसरूड फुटलेला बाप्या, आणि तरी ती मला हाताला धरून त्याच खांबामागं बसवत होती. मी हात हिसकावून घेतला. तिनं परत धरला. तिचा तळहात ओला होता.

गीतं झाली. वचन वाचून झालं. मी पोपड्याकडे बघत बसलो होतो. मनात एकच होतं, की आता तो गुडघे टेकेल, खोटं बोलेल, आणि देव ते मुकाट्यानं घेईल. कारण देवाला काय, पुढं ठेवलेलं घ्यायची सवय.

आढाव पाळकसाहेबांनी खाकरून गळा साफ केला. “आपल्या मंडळीचा लेक शमुवेल लाजरस पाटोळे. ये बाळा, पुढे ये.”

दादा उठला. आणि त्याच वेळी माझ्या शेजारून आई उठली. रिकामं सूप काखेत धरून ती मधल्या वाटेनं तरातरा पुढं निघाली.

“साहेब, थांबा. मला माझं दिलेलं सोडवून घ्यायचंय.”

बायकांच्या बाकांवर हसू पसरलं. पाळकसाहेबही हसले. “सगुणाबाई, लिलाव बाहेर. चिंचेखाली. उपासना तरी होऊ द्या.”

“बाहेर कोंबड्या सोडवा. माझं हितंच सोडवाया लागंल.”

“काय सोडवायचंय?”

तिनं दादाकडे बोट केलं.

हसू थांबलं. एक कोंबडी तेवढी बोलत राहिली. पाळकसाहेबांनी चष्मा काढला. “बाई, देवाला वाहिलेलं माणूस परत मागता? हा काय भोपळा आहे?”

“भोपळा मी दरसाल वाहते आन् दरसाल मोल दिऊन परत नेते. तुम्ही कधी न्हाई म्हटलं न्हाई. देव बी कधी न्हाई म्हटला न्हाई.” ती बाजारात उभं राहून घासाघीस करावी तशी ताठ उभी होती. “त्याला तिथं करमत न्हाई. करमत नसलेलं लेकरू मी बळंच ठेवलं. त्याच्या जिवाच्या भीतीनं ठेवलं. देवाला काय अशीच भीती द्यायची व्हय सुपातनं?”

दादा उभा होता. “आई,” तो म्हणाला, “राहू दे. मी करतो.”

“तू गप.”

पाळकसाहेबांनी आवाज उतरवला. ते चांगले होते, आता आठवलं की वाटतं, फारच चांगले होते. “बाई, मोल काय देणार?”

आई वळली. सगळं देऊळ वळलं. तिची नजर खांबावर आली.

“गिदू. हिकडं ये.”

मी खांबामागून बाहेर आलो. एवढ्या वर्षांत सणाच्या दिवशी मी पहिल्यांदाच ती मधली वाट चालत होतो. दोन्ही बाजूंनी तोंडंच तोंडं, आणि समोर वेदी, जी मला कधी पुरती दिसली नव्हती. पुढं पोचलो तसा आईनं माझा दंड घट्ट धरला आणि वर पाहिलं. पाळकसाहेबांकडे नाही, त्यांच्याही वर.

“ह्यो तुला कधी दाखवला न्हाई,” ती म्हणाली. “ह्यो झाला तवा सण आला, तर म्या ह्याला शेजारणीच्या घरी ठिवून आले. पुढच्या साली खांबामागं बसवला. तुझी नजर पडंल म्हणून. तू थोरला घेतलास, म्या दिला. पण रोज दिवा लावताना तुझाच हेवा वाटायचा मला. माझं लेकरू तुझं झालं, आन् मी नुस्ती त्याची राखण करणारी बाई झाले. मग म्हटलं ह्यो न्हाई दाखवायचा. ह्याची ओवी बी न्हाई म्हणायची. ओवी म्हटली तर तुला ऐकू जाईल. एक तुझा, एक माझा.”

माझ्या दंडावरची तिची बोटं रुतत होती.

“आता त्यो थोरला परत दे. आन् ह्यो घे. ह्याला यायचंय तुज्याकडं. ह्याचे व्हट हलत्यात.” मग जरा थांबून, अगदी हळू, पण मी ऐकलं, “लई जपून ठिवलाय.”

पाळकसाहेबांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला आणि मला विचारलं, “गिदोन, तुझी तयारी आहे?”

जे मी बाभळींना सांगत आलो होतो, ज्यासाठी जळत आलो होतो, ते समोर होतं. फक्त हो म्हणायचं होतं. आणि त्या क्षणी मला त्या खांबाकडे पळत जावंसं वाटलं. त्या पोपड्याकडे. इतकी वर्षं जिथं मी अडगळ म्हणून बसलो होतो, तिथं मी दडवलेला दागिना होतो, हे मला तिथून उठल्यावर कळत होतं.

“आहे,” मी म्हटलं.

आईची बोटं सुटली. पाळकसाहेबांचा हात माझ्या डोक्यावर आला. तो चांगला जड हात होता. तरीही मला कळत होतं ते दंडावरचं सुटलेलं. डोळे उघडले तेव्हा ती मधल्या वाटेनं परत चालली होती. एका हातात सूप, दुसऱ्या हातात दादाचा हात.

त्या संध्याकाळी दादा चिंचेखाली माझ्याजवळ येऊन बसला. म्हणाला, “हा व्यवहार झाला गिद्या. विश्वास नव्हे.”

“मग विश्वास कशाला म्हणायचं?”

“माहीत नाही.” त्यानं एक चिंचोका उचलला, झटकला. “पण ती तुला घेऊन उभी होती तेव्हा मी डोळे मिटले होते. पहिल्यांदाच कुणाचा चेहरा दिसला नाही. सूपही नाही. नुसतं मोकळं होतं. असं मोकळं असतं हे मला कुठल्या पुस्तकात मिळालं नव्हतं.”

पुढं मी शिकून पाळक झालो, पिंपळदऱ्यालाच आलो. दादा पुण्यात मानसशास्त्र शिकवायला लागला. आई त्याच्याकडे राहायला गेली. माझ्याकडे ये म्हटलं की म्हणायची, “तुज्याकडं कशी येऊ? तू दिलेला. दिलेल्याच्या घरी ऱ्हायला जात्यात का कुठं?” देवाशी केलेला सौदा तिनं नेकीनं पाळला.

एकदा मी त्याच्याकडे गेलो होतो. आई बाजारात गेलेली. चहा ओतताओतता दादा म्हणाला, “तुला एक सांगू? माझ्या ओव्या बंद झाल्या.”

“म्हणजे?”

“मला सोडवून आणलं त्या दिवसापासून एक नाही. इथं जातं नाही, तरी मिक्सर चालू करून त्याच्या आवाजात म्हणते. सगळ्या तुझ्या. गिदोन माझा राजा, गिदोन पांढऱ्या झग्यात, गिदोन आता देवाघरचा शेतकरी. मी विचारलं, माझी का नाही? तर म्हणते, जवळ हाय त्याची कशाला रं, दिलाय त्याची म्हणायची.” त्यानं कप माझ्यापुढे सरकवला, जरा जोरात. चहा बशीत सांडला. “माणसांच्या मनातल्या मत्सरावर वर्गात तासभर बोलतो मी. घरी येतो आणि मिक्सर चालू असतो.”

मी हसलो. मग हसू पुरं आलं नाही.

“आता तुझं सांग,” तो म्हणाला. “तिथं उभा राहून डोळे मिटतोस. चेहरा दिसला का?”

“नाही रे. पूर्वी पाठ दिसायची, आता तीही नाही. केस दिसतात, मागून. खांद्यावर बसलेल्याला चेहरा कुठनं दिसणार?”

“आणि तरी विश्वास आहे?”

“काही दिवशी असतो. काही दिवशी नुसतं घट्ट धरून बसतो. पडेन म्हणून.”

कापणीच्या सणाला दोघं न चुकता येतात. आईला आता डोळ्यांनी कमी दिसतं, पण देवळात शिरली की रस्ता विचारावा लागत नाही. दादाचे केस पांढरे झालेत, विद्यार्थी त्याला वाकून नमस्कार करतात. त्या दिवशी आई त्याला हाताला धरते आणि मागं नेते. खांबामागं बसवते, स्वतः कडेला बसते, आणि पदर असा पसरून धरते, की वेदीपासून बघणाऱ्याला माझा थोरला भाऊ दिसू नये.

मी उपदेशाला उभा राहतो. समोर भोपळ्यांची रास असते, कणसं असतात, लोक माना वर करून माझ्याकडे बघत असतात. वचन उघडतो. आणि दरवर्षी, पहिलं वाक्य तोंडातून निघायच्या आधी, माझी नजर त्या खांबाकडे जाते. दगडाच्या कडेनं आईच्या पदराचा काठ तेवढा दिसतो.

ती जागा माझी आहे.